विस्तार आणि अर्थ

एखाद्या कृतीचा विस्तार झाला म्हणजे ती केवळ लांबते, कीं निराळीच होते? या प्रश्नाचें एक जुनें उदाहरण बीड जिल्ह्यांतील अंबाजोगाईस सांपडतें. तेथील दासोपंतांनीं (१५५१–१६१५) गीतेच्या ७०० श्लोकांवर ‘गीतार्णव’ हा सुमारें १,२५,००० ओव्यांचा ग्रंथ रचिला. शिवाय ‘गीतार्थबोधचंद्रिका’ ही सुमारें ९,००० ओव्यांची आटोपशीर टीकाही लिहिली. लहान टीकेंत वाचकाची दृष्टि श्लोकावरून ढळत नाहीं. अर्णवांत श्लोक हें निमित्त होऊन कथा, दृष्टान्त व उपदेश यांचाच पसारा मोठा होतो. मूळ एक, कर्ता एक. पण ग्रंथ दोन झाले.

हाच प्रकार आज विज्ञानकथेच्या चित्रपटांत दिसतो. जेम्स कॅमेरॉन यांचा ‘एलियन्स’ १९८६ सालीं प्रदर्शित झाला. ५७ वर्षें अंतराळांत निद्रिस्त राहून परतलेली रिप्ली ही, दूरवरची एक मानवी वसाहत एकाएकीं निःशब्द कां झाली हें पाहण्यास जाते, आणि तेथें उरलेल्या एकट्या मुलीस वांचविते. पुढें दिग्दर्शकानें गाळलेला सुमारें १७ मिनिटांचा भाग पुनः जोडला. त्यांत, आपण झोंपेंत असतांनाच आपली स्वतःची मुलगी वृद्ध होऊन वारली, असें रिप्लीस कळतें. एवढ्या एका प्रसंगानें पुढील सर्व धाडसाचा हेतु पालटतो. पूर्वीं जें केवळ शौर्य वाटत होतें, त्यामागें आतां मातेचें दुःख दिसूं लागतें. पण याच आवृत्तींत वसाहतींतील माणसें संकटापूर्वींच आपल्या भेटीस येतात. त्यामुळें रिप्लीबरोबर अज्ञातांत पाऊल टाकण्याचा थरार उणावतो. भावना गहिरी झाली, पण गूढ फिटलें.

म्हणूनच नवी आवृत्ति आली कीं जुनी बाद, हा न्याय कलेंत चालूं नये. १९७७ चा ‘स्टार वॉर्स’ त्याचे कर्ते जॉर्ज लुकस यांनीं १९९७ सालीं फिरून सजविला, तेव्हां मूळ प्रत मागें पडली आणि अनेक रसिक हळहळले. दासोपंतांच्या अर्णवानें मात्र चंद्रिका बुडविली नाहीं. ज्यास जें पेलेल तें त्यानें घ्यावें, एवढी मोकळीक कर्त्यानें रसिकास ठेवावी.