मासमीन
मासमीन : लक्षद्वीपच्या मिनिकॉय बेटावर आणि मालदीवमध्ये कुपा (ट्यूना) माशापासून बनवला जाणारा टिकाऊ सुका पदार्थ. त्यासाठी मुख्यतः 'स्किपजॅक' ही पोटावर गडद पट्टे असलेली लहान जात वापरतात. कुप्याच्या रक्तवाहिन्यांची रचना स्नायूंतील उष्णता शरीरातच राखते, त्यामुळे त्याचे स्नायू भोवतालच्या पाण्यापेक्षा उबदार राहतात व तो सतत वेगाने पोहू शकतो. पकडल्यावर मात्र तो लवकर थंड केला नाही, तर मांसात हिस्टामिन साचते. शिजवल्यानेही हे विष नाहीसे होत नाही. म्हणून बर्फ नसलेल्या बेटांवर, ते साचण्याआधीच मासा लगेच उकळण्याची रीत रुजली.

खाजणातून जिवंत धरलेले बारीक मासे थव्यापुढे टाकून आणि पाण्याचे फवारे मारून कुप्याला होडीजवळ आणतात, मग काठीला बांधलेल्या बिनकाट्याच्या गळाने एकेक मासा वर ओढतात. मासा सोलून, चिरून खाऱ्या पाण्यात उकळतात, धुरी देतात आणि लाकडासारखा कडक होईपर्यंत उन्हात वाळवतात. चौदाव्या शतकात मालदीवमध्ये राहिलेल्या इब्न बतूताने ही कृती आणि तिचा भारत, चीन व येमेनशी चालणारा व्यापार नोंदवला आहे. श्रीलंका आजही याची मोठी बाजारपेठ आहे.

काठी-गळाच्या मासेमारीत इतर जलचर फारसे सापडत नाहीत; मासे गोळा करणाऱ्या तरंगत्या साधनांभोवती टाकल्या जाणाऱ्या प्रचंड घेरजाळ्यांत मात्र इतर कुप्यांची पिल्लेही मोठ्या संख्येने मरतात. त्यामुळे ही जुनी पद्धत जपणे समुद्राच्या आणि बेटवासीयांच्याही हिताचे आहे.