शंकासुराचे बी आणि मारिया मेरियनची चित्रे

इ.स. १७०५ साली ॲम्स्टरडॅम शहरात मोठ्या आकाराचे एक चित्रमय पुस्तक निघाले. सुरिनाममधील कीटकांची रूपांतरे हा त्याचा विषय. ६० चित्रे आणि प्रत्येक चित्राबरोबर थोडा मजकूर, असे त्याचे स्वरूप. चित्रे काढणारी, मजकूर लिहिणारी आणि स्वतःच्या खर्चाने ते छापून विकणारी एक बाई होती. मारिया सिबिला मेरियन हे तिचे नाव. या पुस्तकातले ४५वे चित्र एका झाडाचे आहे. तांबड्या-पिवळ्या पाकळ्या, फुलातून लांब बाहेर आलेले तंतू, चपट्या शेंगा. पानाफुलांच्या सोबतीला सुरवंट, कोष आणि पतंग. हे झाड आपल्या ओळखीचे आहे. आपण त्याला शंकासुर म्हणतो. आमच्या कॉलेजच्या कुंपणाला त्याची रांगच आहे आणि मुले त्याच्या शेंगा तोडून एकमेकांना मारतात.

या चित्राखाली मेरियनने जे लिहिले ते फुलांच्या पुस्तकात येईल असे कोणाला वाटणार नाही. पण तिथे जाण्याआधी ही बाई कोण, आणि ते बी तिच्या हातात कोणी ठेवले, हे पाहिले पाहिजे.

मेरियनचा जन्म २ एप्रिल १६४७ रोजी जर्मनीतील फ्रँकफुर्ट येथे झाला. बाप माथेउस मेरियन तांब्याच्या पत्र्यावर चित्रे कोरणारा आणि पुस्तके छापणारा, त्या काळी युरोपभर नाव असलेला. ती तीन वर्षांची असताना तो वारला. आईने याकोब मारेल या चित्रकाराशी दुसरे लग्न केले, आणि या सावत्र बापाने पोरीच्या हातात कुंचला दिला. म्हणजे कला तिला घरात मिळाली. त्या काळच्या युरोपात चित्रकार झालेल्या बहुतेक बायका अशा चित्रकाराच्याच घरातल्या होत्या. दुसऱ्या घरातल्या मुलीला हे दार उघडत नसे.

धंद्यावर तेव्हा गिल्डचा, म्हणजे कारागिरांच्या पंचायतीचा ताबा होता. न्युरेंबर्ग शहरात तैलरंगाची चित्रे काढून विकण्याचा हक्क पुरुषांनी आपल्याकडे ठेवला होता. बायकांच्या वाट्याला जलरंग, फुले आणि भरतकामाचे नमुने. गिल्डचे नाव घेतले की आपल्याकडचे विद्वान लगेच म्हणतात, पाहा, तिकडेही जातीसारखेच होते, मग आपल्यालाच का दोष देता? एक गोष्ट खरी आहे. मेलेली जनावरे ओढणारे, त्यांची कातडी सोलणारे आणि फाशी देणारे यांना जर्मनीत गिल्डमध्ये जागा नव्हती, आणि त्यांच्या स्पर्शाने चांगला कारागीर बाटत असे. मेरियनच्या काळात हे चालू होते. पण ते पुढे कायद्याने आणि काळाने मोडले गेले, आणि त्याच्या पाठीशी देवाने दिलेली स्मृती नव्हती. आपल्या विद्वानांनी हा पुढचा भागही सांगावा.

तेराव्या वर्षापासून मेरियन रेशमाचे किडे पाळू लागली. किडे चिखलातून आणि कुजण्यातून आपोआप उपजतात असे ॲरिस्टॉटलपासून चालत आलेले मत अजून ठाम होते. इटलीतल्या फ्रान्चेस्को रेदीने त्याविरुद्धचे आपले प्रयोग १६६८ साली प्रसिद्ध केले. ही पोरगी त्याआधीच अंडी, सुरवंट, कोष, पतंग अशी सगळी अवस्थांतरे डोळ्यांनी पाहत आणि टिपून ठेवत होती. १६६५ साली तिचे लग्न योहान आंद्रेआस ग्राफ या चित्रकाराशी झाले. दोन मुली झाल्या. संसार, मुलींना चित्रकलेचे शिक्षण आणि डबीतले सुरवंट असे सगळे एकाच घरात चालले होते. १६७९ साली तिच्या सुरवंटांच्या पुस्तकाचा पहिला भाग निघाला, १६८३ साली दुसरा. किडा ज्या झाडावर जगतो त्या झाडासकट, आणि त्याचा सगळा जन्म एकाच चित्रात दाखवायचा, ही तिची रीत. आज हे साधे वाटते. त्यापूर्वीच्या पुस्तकांत मेलेले किडे ओळीने मांडलेले असत.

१६८५-८६च्या सुमारास तिने नवरा सोडला. आई आणि दोन मुलींना घेऊन ती हॉलंडच्या उत्तरेला लाबादी पंथाच्या वसाहतीत गेली. नवरा न्यायला आला, पण ती परत गेली नाही. पुढे काडीमोड झाला आणि तिने माहेरचे नाव पुन्हा धारण केले. तिच्या चरित्रकारांना हा प्रसंग फार आवडतो आणि त्यात धाडस आहेच. मला मात्र दुसऱ्या एका गोष्टीने थांबवले. या पंथाच्या लोकांनी सुरिनाममध्ये शेतीची वसाहत करून पाहिली होती. म्हणजे वाड्यात प्रार्थना, आणि समुद्रापलीकडे गुलामांच्या घामावर मळा. धर्म आणि मळा यांची ही जोडी आपल्या वाचकाला समजावून सांगायला नको.

१६९१ साली ती ॲम्स्टरडॅमला आली. तिथल्या श्रीमंतांच्या संग्रहांत सुरिनामची फुलपाखरे टाचण्या मारून ठेवलेली होती, पण ती कशापासून होतात, काय खातात, हे कोणालाच ठाऊक नव्हते. १६९९ साली आपली २५५ चित्रे विकायला काढून तिने पैसा उभा केला, मृत्युपत्र केले, आणि धाकटी मुलगी डोरोथिया हिला घेऊन ती जहाजावर चढली. तेव्हा तिचे वय ५२ होते. पाठीशी कोणी राजा नव्हता की कंपनी नव्हती.

सुरिनाम म्हणजे दक्षिण अमेरिकेच्या उत्तर किनाऱ्यावरचा मुलूख. १६६७च्या तहात तो डचांकडे आला आणि आज ज्याला न्यूयॉर्क म्हणतात ते शहर इंग्रजांकडे राहिले. साखरेपुढे त्या शहराची किंमत तेव्हा एवढीच होती. आफ्रिकेच्या गिनी आणि अंगोला भागांतून धरून आणलेली माणसे उसाच्या मळ्यांवर राबत. तिथल्या मूळ रहिवाशांना कोलंबसाच्या चुकीमुळे ‘इंडियन’ म्हणत. त्यांतल्याही कित्येकांना गुलाम केलेले होते. साखरेशिवाय दुसरे काही शोधत फिरणाऱ्या या बाईला मळेवाले हसत. तिनेही त्यांच्याविषयी पुस्तकात टोमणे मारले आहेत.

पण जंगलात वाट कोणी काढली? तिने आपल्या गुलामांना कुऱ्हाडी घेऊन पुढे पाठवले होते. हे तीच लिहिते. एक रोप तिच्या ‘इंडियन’ने मुळासकट उपटून घरी आणले आणि बागेत लावले. एका काळ्या गुलाम बाईने अळी आणून दिली आणि तिच्यातून काय बाहेर येईल हेही सांगितले. कसाव्याच्या कंदातला विषारी रस पिळून काढून भाकरी कशी करतात, कोणते पान कोणत्या दुखण्यावर बांधतात, हे सगळे तिला तिथल्या बायकांनी आणि पुरुषांनी सांगितले. झाडांची नावेही तिने तिथले लोक म्हणत तशीच ठेवली. पुस्तकाच्या पानापानावर ही माणसे आहेत, पण एकाचेही नाव नाही.

मेरियनला दलितांची कैवारी म्हणून उभी करण्याची घाई कोणी करू नये, म्हणून मी हे मुद्दाम सांगतो. ती गुलामांची मालकीण होती. गुलामगिरी बंद करा असे ती कुठेही म्हणत नाही. तरी तिने एक गोष्ट केली, जी तिच्या काळातल्या शहाण्यांनी केली नाही. सांगणाऱ्या बायांनी जे सांगितले ते तिने कारणासकट लिहून ठेवले.

आता ते ४५वे चित्र. मेरियन लिहिते त्याचा आशय असा: डच मालक इंडियन बायांना नीट वागवत नाहीत, म्हणून त्या या झाडाचे बी घेऊन गर्भ पाडतात, आपल्या पोटची पोरे आपल्यासारखी गुलाम होऊ नयेत हा त्यांचा हेतू असतो. गिनीच्या आणि अंगोलाच्या गुलाम बायांनी तर मालकांना बजावले आहे की, बरे वागवा, नाहीतर आम्ही मुले जन्माला घालणार नाही. छळ असह्य झाला की कित्येक जीवही देतात; कारण मेल्यावर आपण आपल्या देशात, आपल्या माणसांत, मोकळे म्हणून पुन्हा जन्मू असा त्यांचा विश्वास आहे. आणि हे आपल्याला त्यांनी स्वतः सांगितले, असे मेरियन शेवटी नोंदवते.

मळ्याच्या हिशोबात गुलाम बाईचे मूल ही मालकाची वाढलेली मालमत्ता. म्हणजे तिचे गर्भाशयही मालकाच्या मत्तेत जमा. ती मत्ता वाढू न देणे हा त्या बायांचा लढा होता. ‘नकार’ हा शब्द आपण गेली कित्येक वर्षे आपल्या साहित्याविषयी बोलताना वापरतो. हा नकार त्या शब्दाच्या फार आधीचा, आणि आपल्याच देहाला बसणारा होता. त्याचे गोडवे गाण्याचा मला धीर होत नाही. आपले मूल जगात येऊच नये असे आईला वाटावे, यात गाण्यासारखे काय आहे?

पुनर्जन्माचीही गोष्ट पाहा. आपल्याकडे ही कल्पना आपल्याला गप्प बसवायला वापरली गेली. मागल्या जन्मी पाप केलेस म्हणून या जातीत आलास, आता सेवा कर, पुढला जन्म सुधारेल. मागल्या जन्मीच्या कर्माचा हा सिद्धान्त गरिबांच्या दैन्याची जबाबदारी राज्यावरून उतरवण्यासाठीच उपयोगी पडतो, हे बाबासाहेबांनी १९५७ साली प्रसिद्ध झालेल्या ‘बुद्ध आणि त्याचा धम्म’ या ग्रंथात उघड केले. सुरिनामच्या मळ्यावरच्या माणसाच्या पुनर्जन्मात मागल्या पापाचा हिशोब नाही. तिथे पुढला जन्म म्हणजे सुटून घरी जाण्याची वाट. शब्द एकच, पण तो कोणाच्या तोंडी आहे यावर सगळे अवलंबून.

त्याच सुमारास हॅन्स स्लोन नावाचा इंग्रज डॉक्टर जमेकात होता. याच झाडाचा हाच गुण त्यानेही नोंदवला, पण वैद्याच्या तक्रारीच्या सुरात; त्या बाया असे का करतात हे त्याच्या नोंदीत येत नाही. पुढे शंकासुर युरोपच्या बागांत शोभेसाठी लावला गेला. झाड गेले, पण त्याच्याविषयीचे बायांचे ज्ञान युरोपच्या वैद्यकाने उचलले नाही. लोंडा शीबिंगर या अमेरिकन अभ्यासक बाईंनी २००४ साली हे सविस्तर मांडले. आपल्याकडेही हे झाड असेच शोभेचे म्हणून आले आणि कुंपणाला लागले.

माझी आजी गावात सुईण होती. वाड्यावरची तीन पिढ्यांची बाळंतपणे तिने केली. बाळाच्या नाळेला तिचे हात चालत, पाण्याच्या रांजणाला चालत नसत. तिला कोणती मुळी कशाला लागते ते ठाऊक होते. मी बी.ए. झालो, एम.ए.ला युरोपचा इतिहास पाठ केला, पण तिला एकदाही विचारले नाही की आजी, सांग, मी लिहून घेतो. मेरियनचा मजकूर वाचताना मला ही लाज आधी आठवली.

सुरिनामची गुलामगिरी डचांनी १ जुलै १८६३ रोजी कायद्याने बंद केली. मालकांना दर गुलामामागे ३०० डच गिल्डर भरपाई मिळाली. सुटलेल्यांना भरपाई नाहीच, उलट आणखी दहा वर्षे मळ्यांवर सक्तीचे करारकाम. ही मुदत १८७३च्या जुलैत संपणार होती. मळे ओस पडू नयेत म्हणून ५ जून १८७३ रोजी कलकत्त्याहून निघालेले ‘लालारुख’ जहाज सुमारे ४०० हिंदी मजूर घेऊन पारामारिबोच्या धक्क्याला लागले. आणि त्याच जून महिन्यात पुण्यात जोतीराव फुल्यांचा ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ निघाला. अमेरिकेतल्या गुलामांना मुक्त करणाऱ्या तिथल्या सदाचारी लोकांना अर्पण केलेला. इतिहासाच्या तासाला मी या तीन घटना फळ्यावर एकाखाली एक लिहितो आणि काही वेळ बोलत नाही.

मेरियनच्या वाट्याला मागून मान आला, पण वाटेत हेटाळणीही पुष्कळ झाली. पेरूच्या फांदीवर पक्ष्याला खाणारा मोठा कोळी तिने रंगवला, तर एकोणिसाव्या शतकातल्या पंडितांनी ते भाकड ठरवले. १८६३ साली हेन्री बेट्सने ॲमेझॉनच्या खोऱ्यात तसा कोळी पाहिल्याचे लिहिले तेव्हा कुठे बोलणे थांबले. १३ जानेवारी १७१७ रोजी ती वारली, तेव्हा मृत्यूच्या नोंदीत तिला ऐपत नसलेली म्हणून दाखवले होते. तिची चित्रे मात्र रशियाच्या पीटर बादशहासाठी विकत घेतली गेली. युरो येण्यापूर्वी, २००२ सालापर्यंत, जर्मनीच्या ५०० मार्कांच्या नोटेवर तिचा चेहरा होता.

तापाने खंगून ती १८ जून १७०१ रोजी सुरिनामहून परत निघाली. बरोबर बाटल्यांत दारूत बुडवलेले साप आणि सरडे होते, फुलपाखरे होती, चर्मपत्रावरची चित्रे होती. एक इंडियन बाईही होती. सप्टेंबरात जहाज ॲम्स्टरडॅमला पोचले आणि पुढच्या चार वर्षांत पुस्तक तयार झाले. जहाजावरच्या प्रवाशांच्या यादीत मेरियनचे नाव पूर्ण लिहिलेले आहे, पुढे तिची मुलगी, आणि त्यापुढे फक्त एवढेच: त्यांची इंडियन बाई.