घरची ठासणीची बंदूक

मालवण तालुक्यातील आपल्या ज्ञातिबांधवांच्या कित्येक जुन्या घरांत माजघराच्या भिंतीला एक ठासणीची बंदूक टांगलेली असे. नळी झिजलेली, घोडा सैल झालेला, दस्त्याला तांब्याची तार गुंडाळलेली. बाजारात तिला किंमत नव्हती. तथापि वडीलधारी मंडळी ती कोणास देत नसत.

१८७८ च्या शस्त्रकायद्याने इंग्रज सरकारने परवान्यावाचून हत्यार बाळगणे गुन्हा ठरविले. स्वतंत्र भारताच्या १९५९ च्या कायद्यात मात्र शेतीच्या संरक्षणासाठी ठासणीच्या बंदुकीच्या परवान्याची तरतूद राहिली. रानडुकरांनी भातशेत तुडवावे आणि वानरांनी नारळ पाडावेत, अशा या मुलुखात गरीब कुळालाही परवडणारे हत्यार तेवढेच. दारू, चिंध्यांचा बोळा, छर्रे, वर गजाचे चार ठोसे आणि एक केप, एवढ्यावर काम भागे. घोडा मोडला तर गावचा लोहार दुरुस्त करी. नळी झिजली म्हणून कोणाचे अडत नसे. मोठा आवाज झाला की डुक्कर पळे. पावसाळ्यात दारू सर्दावली म्हणजे नुसती केप फुटे व राखण करणाऱ्याची फजिती होई, ती गोष्ट वेगळी!

हा लोभ केवळ आपल्याच लोकांत आहे असे नव्हे. दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिकेत सैन्याने काढून टाकलेल्या जुन्या रायफली टपालाने अल्प किमतीत मिळत. १९६३ साली अध्यक्ष केनेडी यांचा घात झाला, तो अशाच एका इटालियन रायफलीने. १९६८ च्या कायद्याने ही टपालविक्री बंद झाली. परंतु डागाळलेल्या, ओरखडे पडलेल्या लष्करी रायफली हौसेने जमविणारे तेथे आजही पुष्कळ आहेत. नव्या कोऱ्या हत्यारापेक्षा ज्यावर कोणाचा तरी हात फिरला आहे, ते त्यांना प्रिय वाटते. आम्हांस हे चांगले समजते. आमच्या बंदुकीच्या दस्त्यावर आजोबांच्या गालाने पडलेली गुळगुळीत जागा आहे.

१९७२ च्या वन्यजीव कायद्याने पारधीवर निर्बंध आले आणि बंदूक केवळ राखणीपुरती उरली. निवडणुका आल्या की ती जमा करावी लागे. एकदा परत मिळाली ती दस्ता दुभंगलेली. तक्रार कोणाकडे करावी? आम्हीच तार गुंडाळली.

परवाना वारसाच्या नावे व्हावा म्हणून अर्ज लिहून ठेविला आहे. मुंबईच्या चिरंजीवांची त्यावर अद्याप सही झालेली नाही.