नाशिकला पोचलेलं बेल्जियमचं पिस्तूल



अनंत कान्हेरे हे नाव आपल्या घरांत नवीन नाही. २१ डिसेंबर १९०९, नाशिकचं विजयानंद थिएटर, 'शारदा' नाटकाचा प्रयोग आणि निरोप घ्यायला आलेला कलेक्टर जॅक्सन. कान्हेरे औरंगाबादहून आले होते. औरंगाबाद तेव्हा निजामाच्या राज्यात होतं, म्हणून आम्हा हैदराबादकर मराठी लोकांना ते जरा जास्तच आपले वाटतात. पण त्यांच्या हातातलं हत्यार आपण 'ब्राउनिंग पिस्तूल' एवढ्यावर सोडून देतो. आज त्याबद्दल लिहितो.

जॉन ब्राउनिंग हा अमेरिकेतल्या युटा प्रांतातल्या ऑग्डन गावचा. पिस्तूल मात्र झालं बेल्जियममध्ये, लिएजजवळच्या हर्स्टालला. तिथली एफ.एन. कंपनी १८८९ साली बेल्जियम सरकारच्या दीड लाख माउझर रायफलींच्या ऑर्डरसाठी उभी राहिली. एकाच गिऱ्हाईकावर उभा राहिलेला धंदा! ऑर्डर संपली, माउझरवाल्यांशी कोर्टकज्जे झाले, आणि बंदुकीच्या कारखान्यात सायकली बनायला लागल्या. त्या सायकलींच्याच कामासाठी कंपनीचा माणूस अमेरिकेत गेला आणि त्याची ब्राउनिंगशी गाठ पडली. १८९७ साली करार झाला. आम्ही बँकवाले असल्या कंपनीला कर्ज देताना दहादा विचार केला असता, पण ती तरली ती या एका करारावर.

त्यातून आलं १९०० सालचं मॉडेल, ७.६५ मिलिमीटरचं, म्हणजे आपल्याकडे ज्याला .३२ बोअर म्हणतात ते. मुलीकडे युरोपात गेलो होतो तेव्हा एका संग्रहालयात हा नमुना काचेमागे पाहिला. पहिल्यांदा वाटलं, एवढंसंच? लांबी जेमतेम १६ सेंटिमीटर, वजन सव्वासहाशे ग्रॅम. मुठीवर एफ.एन. ही अक्षरं आणि त्याच पिस्तुलाचं एक बारीकसं चित्र. डाव्या बाजूच्या खिट्टीपाशी फ्रेंचमध्ये दोन शब्द: एका बाजूला 'आग', दुसऱ्या बाजूला 'सुरक्षित'. बँकेत रोकड नेताना आमच्या गार्डच्या खांद्यावर असायची ती बारा बोअरची दुनळी, तिच्यापुढे हे खेळण्यासारखं दिसतं.

खुबी आहे ती आत. रिव्हॉल्व्हरला गोळ्यांचं फिरतं चक्र असतं, ते खिशात फुगवटा करतं. इथे सात गोळ्या मुठीतल्याच चपट्या मॅगझिनमध्ये. गोळी सुटली की रिकाम्या काडतुसाच्या धक्क्याने वरचा सरकता भाग मागे जातो, काडतूस बाहेर फेकतो, आणि स्प्रिंग त्याला पुढे ढकलते तेव्हा नवी गोळी नळीत बसते. ती स्प्रिंग नळीच्या वर ठेवलेली, आणि तीच काडतुसावर आघात करणाऱ्या दांड्यालाही जोर देते. एका स्प्रिंगमध्ये दोन कामं. दरवेळी घोडा मात्र बोटाने ओढावाच लागतो, म्हणून हे 'अर्धस्वयंचलित'.

बेल्जियमच्या लष्कराने ते १९०० सालीच घेतलं. पण असं चपटं, भरवशाचं हत्यार कोटाच्या खिशात मावतं हे ज्यांच्याकडे लष्कर नव्हतं त्यांनीही हेरलं. १९०४ च्या जूनमध्ये हेलसिंकीत शाउमानने रशियन गव्हर्नर-जनरल बोब्रिकोव्हला याच मॉडेलने मारलं आणि लगेच स्वतःवरही गोळ्या झाडल्या. २६ ऑक्टोबर १९०९ ला हार्बिन स्टेशनवर कोरियाच्या आन जुंग-गुनने जपानच्या इतो हिरोबुमीवर याच मॉडेलने गोळ्या झाडल्या. तिथून बरोबर आठ आठवड्यांनी नाशिक. दोन्ही दिवस मंगळवार, हे मी मुद्दाम मोजून पाहिलं.

नाशिकला ब्राउनिंग पोचली ती लंडनहून. इंडिया हाउसमधला स्वयंपाकी चतुर्भुज अमीन १९०९ च्या सुरुवातीला परतला, तेव्हा त्याच्या पेटीच्या चोरतळात सावरकरांनी पाठवलेली वीस पिस्तुलं आणि काडतुसं होती. १९०० च्या मॉडेलचं वजन धरलं तर वीस म्हणजे साडेबारा किलो. त्या काळची वेब्ली रिव्हॉल्व्हर एकेक किलोभर होती, शिवाय जाड. वीस वेब्ली एका चोरतळात बसवणं अवघडच.

जूनमध्ये बाबाराव सावरकरांना जन्मठेप झाली. त्यांना खटल्यासाठी वरच्या कोर्टात पाठवणारा जॅक्सनच. तो संस्कृत जाणणारा, लोककथा आणि चालीरीतींच्या नोंदी जमवणारा माणूस होता, हेही सांगायला हवं. आपल्या घरांतल्या गोष्टींत ते वगळलं जातं. कान्हेरे अठरा-एकोणीस वर्षांचे. १९ एप्रिल १९१० ला ठाण्याच्या तुरुंगात त्यांना, कृष्णाजी कर्वे आणि विनायक देशपांडे यांना फाशी दिली. कोरियाचा आन त्याआधी चोवीस दिवस फासावर गेला होता. नाशिकच्या या तिघांचं नाव कदाचित आनने ऐकलंही नसेल.

चतुर्भुज अमीन सरकारी साक्षीदार झाला. पेटीचा माग लंडनपर्यंत गेला आणि सावरकरांना दोन जन्मठेपा झाल्या: पहिली डिसेंबर १९१० मध्ये, दुसरी ३० जानेवारी १९११ ला, जॅक्सनच्या खुनाला मदत केल्याबद्दल. पंचवीस अधिक पंचवीस. अंदमानात त्यांच्या गळ्यातल्या बिल्ल्यावर सुटकेचं साल होतं १९६०.