लघुपटातील समुद्र

लघुपटातील समुद्र : क्षणोक्षणी पालटणारे समुद्राचे रूप टिपण्याचा चित्रपटकलेतील प्रयत्न. चित्रकाराला वा छायाचित्रकाराला लाटेचा एखादाच क्षण दाखविता येई. तिचे उठणे, फुटणे व ओसरणे सलगपणे राखणे चलच्चित्रणामुळेच शक्य झाले. त्यामुळे चित्रपटाच्या आरंभकाळीच समुद्र हा चित्रणाचा आवडता विषय ठरला.

फ्रान्समधील ल्यूम्येअर बंधूंनी १८९५ मध्ये भूमध्य समुद्राकाठच्या ला स्योता येथे समुद्रस्नानाचे दृश्य चित्रित केले. लाकडी फळ्यांवरून धावत येऊन मुले पाण्यात उड्या घेतात, किनाऱ्याला लागतात व पुन्हा उडी घ्यायला येतात, एवढाच हा मिनिटाहून कमी वेळाचा प्रसंग. परंतु मुलांची कृती तीच राहिली, तरी लाट दर वेळी निराळी असते. २८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिस येथे झालेल्या खेळात ही चित्रफीत होती. त्याच वर्षी बर्ट एकर्स ह्यांनी इंग्लंडमधील डोव्हरच्या धक्क्यावर आदळणाऱ्या लाटा चित्रित केल्या.

७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्यूम्येअर बंधूंच्या सहा चित्रफिती दाखविण्यात आल्या. त्यांतही समुद्रस्नानाचे दृश्य होते. अरबी समुद्र रोज पाहणाऱ्या नगरीने पडद्यावरील समुद्र एक रुपयाचे तिकीट काढून पाहिला. ह्या नव्या कलेकडे आकृष्ट होऊन हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा ह्यांनी इंग्लंडहून कॅमेरा मागविला. १८९९ मध्ये त्यांनी हँगिंग गार्डन येथील कुस्ती, तर १९०१ मध्ये रँग्लर र. पु. परांजपे ह्यांचे चौपाटीवरील स्वागत चित्रित केले.

पुढे प्रायोगिक लघुपटांनी लाटेची कालगतीच बदलली. माया डेरेन ह्यांच्या ‘ॲट लँड’ (१९४४) ह्या अमेरिकन मूकपटात लाटा उलट दिशेने समुद्रात परततात. झाँ एप्स्टाइन ह्यांच्या ‘ल तांपेस्तॅर’ (१९४७) ह्या फ्रेंच लघुपटात वादळी समुद्राची गती मंदावते व उलटतेही.

लाटेचा क्षण राखणारी चित्रफीत स्वतः मात्र नाशवंत होती. आरंभीच्या नायट्रेट फिती अत्यंत ज्वालाग्राही असत व कालांतराने त्यांचे विघटन होई. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ मध्ये स्थापन झाले, तोवर बहुतेक भारतीय मूकपट नष्ट झाले होते. भाटवडेकरांनी टिपलेली चौपाटीही आज पाहावयास मिळत नाही. ला स्योताची लाट मात्र जतन झाल्यामुळे अजून फुटताना दिसते.