पियानोच्या पांढऱ्या पट्ट्या आणि मस्कतचा सुलतान

घरात मावेल असा लहान ग्रँड पियानो घ्यायचा तर जुना की नवा? ‘जुन्याचा आवाज नव्याला नाही’ हे वाक्य आपण पेटीबद्दलही ऐकलेलं असतं. मापं घेतली तर मात्र फरक फारसा दिसत नाही. यामाहाचा जुना जी-२ आणि २०१२ साली आलेला सी-२एक्स, दोन्हींची लांबी जवळपास सारखीच. बिडाची चौकट आणि तारांची मूळ मांडणी तर १९व्या शतकातच ठरून गेली.

खरा फरक पट्ट्यांत आहे. शंभर वर्षांपूर्वीच्या चांगल्या पियानोच्या पांढऱ्या पट्टीवर हस्तिदंताचा पातळ पापुद्रा असे, बहुधा दोन तुकड्यांचा; त्यांचा बारीक सांधा दिसतो. नव्यावर प्लॅस्टिक. आणि मंडळी, इथेच ओमान गोष्टीत शिरतो!

सुलतान सय्यद सईद यांनी आपलं बस्तान मस्कतहून झांझिबारला हलवलं आणि पूर्व आफ्रिकेचा हस्तिदंत तिथून जगभर जाऊ लागला. १८३३ साली त्यांनी अमेरिकेशी व्यापारी करार केला. १८४० साली त्यांचं ‘सुलताना’ जहाज न्यूयॉर्कला पोचलं. मालात खजूर, कॉफी, लवंगा आणि १०८ हस्तिदंत. गंमत म्हणजे हे जहाज बांधलं होतं आपल्या मुंबईत, माझगावला! पुढे कनेक्टिकटमधल्या डीप रिव्हर आणि आयव्हरीटन या गावांत झांझिबारचा हस्तिदंत कापून पियानोच्या पट्ट्या होऊ लागल्या.

ही झाली गोष्टीची गोड बाजू. आफ्रिकेच्या आतल्या भागातून हे दात किनाऱ्यावर येत ते माणसांच्या खांद्यांवरून, आणि त्या माणसांत गुलामही असत. हत्ती किती मेले, त्याला गणतीच नाही. झांझिबारचा गुलामबाजार १८७३ साली बंद झाला. हस्तिदंताच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर बंदीचा निर्णय व्हायला मात्र १९८९ उजाडलं.

इंजिनिअर म्हणून सांगायचं तर हस्तिदंत घाम शोषतो, बोट घसरत नाही. मस्कतच्या दमट उन्हाळ्यात हा गुण मोठा. पण तो पिवळा पडतो, तडकतो, सुटून येतो. आता घाम शोषणाऱ्या कृत्रिम पट्ट्याही मिळतात. शिवाय हस्तिदंती पियानो देशाबाहेर न्यायचा तर परवान्यांची कटकट वेगळीच.

तेव्हा माझं मत नव्याच्या बाजूने. वारशाने जुना आला असेल तर जरूर वाजवा, फेकू नका. पण मुलांना शिकवताना त्या पट्ट्या कुठून आल्या, तेही सांगा.