पटासमोरची खुर्ची

जॉर्जिया देशातल्या बाटुमी शहरात २८ जुलै २०२५ रोजी नागपूरच्या दिव्या देशमुखने बुद्धिबळाचा महिला विश्वचषक जिंकला. उमरेडहून नागपूर पन्नास किलोमीटरच्या आतच, तेव्हा 'आपल्या नागपूरची पोरगी' म्हणण्याचा हक्क आपल्यालाही पोचतो. या विजयाच्या गमती तरी किती! अंतिम फेरीत समोर होती कोनेरू हंपी. हंपी ग्रँडमास्टर झाली २००२ साली आणि दिव्याचा जन्म डिसेंबर २००५ चा. म्हणजे दिव्या या जगात येण्याआधीच हंपीच्या नावापुढे तो किताब लागलेला होता. ग्रँडमास्टर व्हायला एरवी तीन 'नॉर्म' मिळवावे लागतात. दिव्याकडे त्यातला एकही नव्हता. पण विश्वचषकाच्या विजेतीला हा किताब थेट मिळतो. अशा रीतीने ती भारताची ८८ वी ग्रँडमास्टर झाली आणि हा किताब मिळवणारी चौथीच भारतीय महिला.

अठ्ठ्याऐंशीत चौघीच का, असा प्रश्न इथे कुणालाही पडेल. मुलींना डोकं कमी असतं, असं म्हणणारे पूर्वीही होते आणि आजही भेटतात. इतिहास मात्र वेगळंच सांगतो.

आधी पटावरच पाहू. आपल्या बुद्धिबळात राजाशेजारी वजीर असतो. जुन्या खेळात हा वजीर तिरपं एकच घर चालायचा, अगदी दुबळा. युरोपात त्याची राणी झाली आणि पंधराव्या शतकाच्या अखेरीस ती पटावरची सर्वांत बलवान सोंगटी बनली. गंमत अशी की लाकडाच्या राणीला सगळा पट मोकळा झाला, पण जिवंत बाईला पटासमोरची खुर्ची मिळायला आणखी कित्येक शतकं जावी लागली.

१९२९ साली कार्ल्सबाड इथे मोठी स्पर्धा भरली. तिच्यात बावीस खेळाडू होते आणि त्यांत एकटी बाई, व्हेरा मेंचिक. ही महिलांची पहिली जगज्जेती. व्हिएन्नाचा मास्टर आल्बर्ट बेकर याने थट्टा केली, की हिच्याकडून जो हरेल त्याला आपण 'व्हेरा मेंचिक क्लब'चा सभासद करू. पहिला सभासद कोण झाला असेल? खुद्द बेकर! मेंचिक त्या स्पर्धेत शेवटची आली हे खरं, पण पुढे क्लबचे सभासद वाढत गेले. आपला मीर सुलतान खान त्यात होता आणि हॉलंडचे मॅक्स युवेही होते. हे युवे पेशाने गणिताचे शिक्षक. १९३५ साली ते जगज्जेते झाले. मेंचिककडून मात्र ते एकदा नाही, दोनदा हरले होते!

हे युवे पुढे जागतिक बुद्धिबळ संघटनेचे अध्यक्ष झाले आणि इथे त्यांची गाठ पडली ती एका मराठी मुलीच्या प्रकरणाशी.

मुंबईत गिरगावातल्या 'नवाकाळ'चे संपादक नीळकंठ खाडिलकर यांच्या तीन मुली, वासंती, जयश्री आणि रोहिणी. १९७४ साली बंगळूरला महिलांची राष्ट्रीय स्पर्धा पहिल्यांदा झाली, ती वासंतीने जिंकली. पुढची दहाएक वर्षं हे अजिंक्यपद या तीन बहिणींच्या घराबाहेर गेलंच नाही. पण केवळ बायकांमध्ये खेळून समाधान होईना. १९७६ साली तेरा वर्षांची रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली. गदारोळ उठला. मुलीला पुरुषांत खेळू द्यायचं कसं? प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेलं. शेवटी युवे यांनी निर्णय दिला, की राष्ट्रीय वा आंतरराष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धेत स्त्रियांना मज्जाव करता येणार नाही. खुर्ची मिळाल्यावर रोहिणीने काय केलं? तीन राज्यांच्या विजेत्यांना हरवलं! १९८१ साली हैदराबादला ती आशियाई महिला विजेतीही झाली.

एवढ्याने सगळं सुरळीत झालं असं मात्र नाही. दहा वर्षांनी, १९८६ साली, हंगेरीच्या सुसान पोल्गारने जगज्जेतेपदाच्या विभागीय फेरीची पात्रता मिळवली. ती फेरी 'पुरुषांची' आहे, या कारणावरून तिला खेळू दिलं नाही. नियमातला 'पुरुष' हा शब्द निघाला तो त्यानंतर.

दरम्यान महाराष्ट्रातून एकामागून एक मुली येत राहिल्या. भाग्यश्री साठे-ठिपसे आणि अनुपमा अभ्यंकर-गोखले यांनी प्रत्येकी पाच वेळा राष्ट्रीय अजिंक्यपद मिळवलं. २००९ साली पुण्याची सौम्या स्वामिनाथन मुलींची जागतिक कनिष्ठ विजेती झाली. तेच पद २०२४ साली दिव्याने जिंकलं. त्याच वर्षी बुडापेस्टच्या ऑलिम्पियाडमध्ये भारतीय महिला संघाला सुवर्णपदक मिळालं आणि दिव्याला वैयक्तिक सुवर्णही.

पण २०२४ सालची आणखी एक गोष्ट सांगायला हवी. जानेवारीत दिव्या युवे यांच्याच देशात, विक आन झी इथे खेळून आली आणि तिने जाहीरपणे लिहिलं, की प्रेक्षक माझा खेळ सोडून माझे कपडे, केस आणि बोलण्याची ढब यांचीच चर्चा करतात. तेव्हा ती अठरा वर्षांची होती. न्यायालयाने आणि युवे यांनी रोहिणीला खुर्ची मिळवून दिली, पण त्या खुर्चीकडे पाहणाऱ्यांची नजर अठ्ठेचाळीस वर्षांनीही पुरती बदललेली नव्हती.

दिव्याने उत्तर दिलं ते पटावर. बाटुमीत हंपीशी संथ गतीचे दोन डाव बरोबरीत सुटले, जलद गतीचा पहिलाही सुटला. दुसऱ्या जलद डावात काळ्या सोंगट्या घेऊन तिने बाजी मारली. ग्रँडमास्टरपद तिने अर्पण केलं आपले पहिले गुरू, नागपूरचे राहुल जोशी यांना. आपण ग्रँडमास्टर व्हावं ही त्यांची इच्छा होती. तो दिवस पाहायला मात्र ते राहिले नव्हते.

लहान पोरीला सोंगट्या कशा चालतात हे कुणीतरी शिकवतं आणि समोर बसून तिच्याशी मनापासून डाव खेळतं, तिथूनच सगळं सुरू होतं. त्याला ना न्यायालय लागतं ना मोठं शहर. एक पट आणि दोन खुर्च्या पुरतात, आणि त्या उमरेडमध्येही मांडता येतात.

(नभोवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)